तितिकाका: आई-बाबांना घेऊन बेटांवरची तीन दिवसांची सहल करावी का?

प्रश्न थोडक्यात असा: मे महिन्यात पेरूला जायचं ठरलंय. माचू पिच्चू झाल्यावर तितिकाका सरोवर पाहायचं आहे. सोबत साठी ओलांडलेले आई-बाबा आहेत, दोघं शाकाहारी, बाबांना रक्तदाबाची गोळी चालू. सरोवराकाठच्या पुनो शहरातल्या एका एजन्सीनं मार्गदर्शकासह तीन दिवसांची सहल सुचवली आहे. ओळखीचे लोक मात्र म्हणतात, सकाळी जाऊन तरंगती बेटं बघा आणि दुपारी परत या, तेवढं पुरे. काय करावं?

मी मराठी मंडळींचे गट घेऊन या भागात बरीच वर्षं जातोय. माझं मत स्पष्ट आहे: तीन दिवस द्याच. अर्ध्या दिवसात एखाद-दोन तरंगती बेटं आणि तिथल्या विणकामाची दुकानं एवढंच पदरात पडतं, सरोवराकाठची माणसं भेटतच नाहीत. पण सहल सुखाची होणं दोन गोष्टींवर अवलंबून आहे. एक, सरोवरावर पोचण्याआधीच्या रात्री तुम्ही किती उंचीवर काढल्या. दोन, बेटावरची रात्र कुणाच्या घरी आणि कुणाच्या बोटीच्या भरवशावर. एजन्सीच्या रंगीत कार्यक्रमपत्रिकेत हे दोन्ही सहसा नीट लिहिलेलं नसतं. ते विचारून घ्यावं लागतं.

आधी उंची. तितिकाकाचं पाणीच समुद्रसपाटीपासून ३,८१२ मीटरवर आहे. केदारनाथ ३,५८३ मीटरवर. म्हणजे पुनोच्या बाजारात भाजी घेत उभे राहिलात तरी तुम्ही केदारनाथच्या वर असता. हवेचा दाब मुंबईच्या मानानं ६३ टक्क्यांच्या आसपास, त्यामुळे प्रत्येक श्वासात प्राणवायूही त्याच प्रमाणात कमी. पहिल्या दिवशी जिना चढताना धाप लागणं, डोकं ठणकणं, झोप तुटणं हे तरुणांनाही होतं.

खरी अडचण वेगळीच आहे आणि ती फार कमी लोक सांगतात. इथे खाली उतरायला जागा नाही. केदारनाथला कुणाला विरळ हवा सोसली नाही तर गौरीकुंडाकडे उतरवतात आणि माणूस सावरतो. तितिकाकाच्या चारी बाजूंना आल्तिप्लानोचं पठार आहे, शेकडो किलोमीटर सगळं ३,८०० मीटरच्या आगेमागे. जवळचं सखल मोठं शहर म्हणजे आरेकिपा, २,३३५ मीटर. पण पुनोहून तिथे जायला सुमारे सहा तास लागतात आणि तो रस्ता आधी ४,४०० मीटरच्या वर चढतो. विमानानं लिमाला न्यायचं तर विमानतळ हुलियाकाला, पुनोपासून ४५ किलोमीटरवर. आणि तुम्ही बेटावर असाल तर त्याआधी बोटीचा प्रवास. म्हणून इथे येण्याआधीच शरीराला सवय झालेली असायला हवी.

ती लावायचा क्रम असा. लिमाहून विमानानं कुस्कोला उतरलात की तिथे मुक्काम करू नका. त्याच दिवशी गाडीनं उरुबांबाच्या खोऱ्यात उतरा, ते २,८७० मीटरवर आहे. तिथे दोन-तीन रात्री काढा, तिथूनच माचू पिच्चू करा (तेही फक्त २,४३० मीटर), मग ३,४०० मीटरवरच्या कुस्कोत दोन रात्री, आणि त्यानंतर पुनो. तुमचा माचू पिच्चू आधीच आहे, त्यामुळे फक्त मुक्कामांची अदलाबदल करायची आहे. लिमाहून थेट हुलियाकाला विमान आणि दुसऱ्या दिवशी बेट, असा कार्यक्रम कुणी दिला तर कितीही स्वस्त असला तरी नाही म्हणा. साठीपुढच्या माणसांसाठी तर नक्कीच.

कुस्को ते पुनो हा जवळपास ३९० किलोमीटरचा रस्ता दिवसा करा. थेट बस सहा-सात तास घेते. थांबत थांबत जाणाऱ्या पर्यटक बसला अख्खा दिवस लागतो, पण आई-बाबांसाठी मी तीच निवडेन. वाटेत राक्ची इथे विराकोचाच्या देवळाची उंच मातीची भिंत आहे. इंका कथांमध्ये हा देव तितिकाकातूनच प्रकट झाला, तेव्हा सरोवराआधी हे ठिकाण पाहणं क्रमानं योग्य आहे. पुढे ला राया खिंड ४,३३५ मीटर. तिथे खाली उतरा, फोटो काढा, पण लगबग करू नका. पुनोला पोचल्यावर दुसरा दिवस पूर्ण मोकळा ठेवा. एजन्सी त्याच दिवशी बेटांवर न्यायची घाई करते, तिला बळी पडू नका. फारच करमलं नाही तर दुपारी उमायो तळ्याकाठी सियुस्तानीचे दगडी समाधी-मनोरे बघून या.

औषधांबद्दल: विरळ हवेच्या त्रासावरची डायमॉक्स गोळी घ्यायची की नाही हे तुमच्या डॉक्टरांना निघण्याआधी विचारा. सल्फाची ॲलर्जी असेल तर ती चालत नाही, आणि बाबांची रक्तदाबाची गोळी लघवी वाढवणारी असेल तर दोन्ही एकत्र घेण्याचा निर्णय डॉक्टरांचाच. व्यवहारातली एक गोष्टही लक्षात घ्या. डायमॉक्सनं रात्री दोन-तीनदा उठावं लागतं, आणि बेटावरच्या घरात संडास बहुधा अंगणापलीकडे असतो, बाहेर कडाक्याची थंडी. डोक्याला बांधायची विजेरी आणि पटकन चढवता येतील अशा चपला उशाशी ठेवा. बोटाला लावायचं ऑक्सिमीटर न्या, पण त्याच्याकडे टक लावून बसू नका. या उंचीवर ८५ ते ९० आकडा अनेक निरोगी लोकांचाही असतो. आकड्यापेक्षा माणसाकडे बघा. बसल्या जागी धाप लागतेय, चालताना तोल जातोय, बोलण्यात गोंधळ होतोय, यांपैकी काहीही दिसलं तर उजाडायची वाट न बघता प्राणवायू आणि परतीची सोय. बोटीवर प्राणवायूचा सिलिंडर आहे का, हे पैसे भरण्याआधी विचारा. चांगल्या बोटींवर असतो.

आता सरोवर आणि बेटं.

नेहमीच्या सहलीत पहिल्या सकाळी उरोस म्हणजे तरंगती बेटं, दुपारी आमान्तानी बेटावर मुक्काम, दुसऱ्या दिवशी ताकिले बेट आणि संध्याकाळी पुनो असतं. तीन दिवसांच्या सहलीत याला कापाचिका द्वीपकल्पाचा एक दिवस किंवा बोलिव्हियाची बाजू जोडतात. साध्या बोटीला उरोसचा थांबा धरून आमान्तानीपर्यंत तीन-साडेतीन तास लागतात. वेगवान बोट ते निम्म्याहून कमी वेळात करते. तुमच्यासाठी वेगवान बोट घ्या. दुपारनंतर वारा सुटला की इथे समुद्रासारख्या लाटा उठतात, आणि ज्यांना बोट लागते त्यांचे ते तीन तास फार वाईट जातात.

उरोसबद्दल खूप टीका ऐकाल, की सगळं पर्यटकांसाठी मांडलेलं आहे. काही कुटुंबं पुनोतही राहतात हे खरं. पण त्या बेटांमागचे कष्ट खोटे नाहीत. तोतोरा नावाचं लव्हाळ्यासारखं गवत इथे उथळ पाण्यात वाढतं. त्याच्या मुळांचे जाड गड्डे कापून, दोरांनी एकमेकांना बांधून, वर तोतोऱ्याचे थर आडवेउभे अंथरतात आणि सगळं खुंट्यांना बांधून ठेवतात. खालचे थर कुजत जातात, त्यामुळे दर काही आठवड्यांनी नवं गवत टाकावंच लागतं. पावसाळ्यात त्याहून वारंवार. २०२३ मध्ये सरोवराची पातळी इतकी घसरली की काठाजवळचा तोतोरा सुकला आणि काही बोटी गाळात टेकल्या. तेव्हा मार्गदर्शकाला फक्त ‘हे कसं बांधतात’ एवढंच विचारू नका, यंदा गवत कुठून आणावं लागतंय तेही विचारा. उत्तर देताना यजमानांचा चेहरा बदलतो, गप्पा खऱ्या सुरू होतात. पुनोच्या उपसागरात शहराचं सांडपाणी येतं, म्हणून तिथल्या पाण्यात हात धुणंही टाळा. तोतोऱ्याचा पांढरा कोवळा देठ सोलून खायला देतात. शहराजवळच्या पाण्यातला असेल तर नम्रपणे नको म्हणा.

आमान्तानी हे माझं सर्वांत आवडतं बेट. इथे हॉटेलं जवळजवळ नाहीत. केचुआ बोलणारी शेतकरी कुटुंबं पाळीपाळीनं पाहुणे घेतात. धक्क्यावर गावची माणसं उभी असतात, कुणाकडे कोण जाणार हे तिथेच ठरतं आणि यजमानीण तुम्हाला वर घरी घेऊन जाते. ही पाळी महत्त्वाची आहे, कारण त्यामुळे पर्यटनाचा पैसा एकाच घरात साचत नाही. काही एजन्सी मात्र ठरावीक घरंच वापरतात आणि त्यांना फार कमी देतात. म्हणून विचारा: यजमान कुटुंबाला रात्रीचे किती पैसे मिळतात? उत्तर स्पष्ट देणारी एजन्सी घ्या. उत्तर टाळणारी सोडून द्या. चांगले मार्गदर्शक तर पैसे तुमच्याच हातानं यजमानीणबाईंना द्यायला लावतात. भेट म्हणून तांदूळ, साखर, तेल, फळं न्या, पुनोच्या बाजारात सगळं मिळतं. पोरांना गोळ्या-चॉकलेटं वाटू नका. बेटावर दातांचा डॉक्टर नाही आणि हात पसरायची सवय मात्र लागते.

संध्याकाळी सगळे पाचाताता आणि पाचामामा या दोन टेकड्यांकडे निघतात. वर दोन जुनी देवस्थानं आहेत, एरवी बंद, जानेवारीतल्या उत्सवाला उघडतात. माथा ४,१०० मीटरच्या आसपास. आई-बाबांनी पूर्ण चढू नये. वाट दगडी आहे आणि कुंपणांमधून हळूहळू चढते, अर्ध्यावर बसायला जागा आहेत आणि सूर्यास्त तिथूनही दिसतो. आपल्याकडे सह्याद्रीत मजग्या पाडून नाचणी-वरी लावतात तशाच इथे डोंगरभर पायऱ्या पाडून बटाटा, ओका नावाचा कंद, बार्ली लावलेली असते. मे महिन्यात बटाट्याची काढणी चालू असते, त्यामुळे तुमची वेळ उत्तम आहे. पाऊस संपलेला, आकाश स्वच्छ, आणि जून-जुलैची हाडं गोठवणारी थंडी अजून भरात आलेली नाही. रात्री तरी पारा शून्याजवळ जातोच. पांघरायला लोकरीची जडशीळ पांघरुणं देतात. ती अंगावर घेतली की काहींना श्वास कोंडल्यासारखं होतं, म्हणून आतल्या थरांचे गरम कपडे स्वतःचे न्या.

ताकिले दुसऱ्या दिवशी. इथला विणकामाचा वारसा युनेस्कोनं २००५ मध्ये गौरवला आणि २००८ मध्ये मानवतेच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतला. बायका चालता-बोलता टकळीवर लोकर काततात, टोप्या पुरुष विणतात. विवाहित पुरुषाची टोपी लाल, अविवाहिताच्या टोपीचा वरचा भाग पांढरा. शेतीच्या वर्षाची कामं चिन्हांनी विणलेला रुंद कंबरपट्टा मुद्दाम बघा. चौकातल्या सामूहिक दुकानात प्रत्येक वस्तूवर विणणाऱ्याची चिठ्ठी आणि ठरलेली किंमत असते. तिथे घासाघीस करू नका. महिन्याचं काम आहे ते.

ताकिलेची गोष्ट मी प्रत्येक गटाला सांगतो, कारण एजन्सी निवडताना तीच उपयोगी पडते. १९७०च्या दशकाच्या उत्तरार्धात पर्यटक येऊ लागले तेव्हा बेटावरच्या लोकांनी स्वतःच्या बोटी बांधल्या आणि ने-आण स्वतःच्या हातात ठेवली. कुणाच्या घरी पाहुणे, हॉटेलात जेवणाची पाळी कुणाची, सगळं ग्रामसभेत ठरे. १९९०च्या दशकात मुक्त बाजाराचे कायदे आले, बेटकऱ्यांचा बोटींवरचा एकाधिकार मोडला आणि पुनोच्या एजन्सींनी धंदा बराचसा उचलला. आज बहुतेक पर्यटक दुपारी दोन तास येतात, जेवतात आणि जातात. बेटाच्या हाती उरतं ते जेवणाचं बिल आणि चार टोप्या. म्हणून शक्य असेल तिथे बेटकऱ्यांचीच बोट असलेली सहल शोधा. अजूनही आहेत. जरा हळू जाते, पण पैसा जिथे जायला हवा तिथे जातो.

गुडघ्यांसाठी एक सूचना. ताकिलेच्या एका धक्क्यावरून पाचशेहून जास्त दगडी पायऱ्या आहेत. दुसऱ्या बाजूनं चढण सौम्य आहे. बोट सौम्य बाजूला लावायला सांगा आणि परत जातानाही तिकडेच बोलवा. गट उतरताना पायऱ्यांनी जातो, पण मार्गदर्शक दोन माणसांसाठी सोय करू शकतो, आदल्या दिवशी सांगितलं तर.

एवढं वाचून आई-बाबांची काळजी वाटत असेल तर मुक्काम आमान्तानीऐवजी कापाचिका द्वीपकल्पावरच्या याचोन गावात करा. तिथेही शेतकऱ्यांच्या घरीच राहायचं, तेच पाणी, तेच डोंगर, पण गाव मुख्य जमिनीला जोडलेलं आहे. गाडी दारापर्यंत येते आणि दोनेक तासांत पुनोचं रुग्णालय गाठता येतं. ताकिले समोरच दिसतं, बोटीनं दिवसा जाऊन येता येतं. माझ्या मते तुमच्या कुटुंबासाठी हाच मार्ग योग्य: पहिली रात्र याचोन, दुसऱ्या दिवशी ताकिले आणि परत याचोन, तिसऱ्या दिवशी वाटेत उरोस करून पुनो. तुम्हा तरुणांना आमान्तानीची ओढ असेल तर एका रात्रीसाठी तुम्ही जा, ते याचोनमध्ये थांबतील.

जेवणाचं. बेटांवर शाकाहार सोपा आहे, पुनोतच जास्त अडचण येते. घरांत किन्व्याचं किंवा भाज्यांचं सूप, उकडलेले चार-पाच प्रकारचे बटाटे, ओका, तळलेलं चीज, भात आणि मुन्याच्या पाल्याचा चहा मिळतो. मुन्या पुदिन्यासारखा वास देतो आणि पोट हलकं ठेवतो. चुन्यो नावाचा काळपट बटाटा दिला तर चाखून बघा. रात्रीच्या थंडीत गोठवून, पायानं तुडवून पाणी काढून उन्हात वाळवलेला असतो, वर्षानुवर्षं टिकतो. फक्त ‘वेहेतारियानो’ म्हणून थांबू नका. सुपात कोंबडीचं पाणी चालतं असा समज आहे. ‘सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो, सिन काल्दो दे पोयो’ (मांस नको, कोंबडी नको, मासे नको, कोंबडीचं पाणी नको) असं एकेक नाव घेऊन सांगा, आणि हे यजमानांना आदल्या दिवशीच कळवायला मार्गदर्शकाला बजावा.

घरून नेणार असाल तर: या उंचीवर पाणी ८७ अंशांच्या आसपासच उकळतं. गरम पाणी ओतून होणारे पोहे-उपमा मुंबईसारखे फुलत नाहीत, कचकचीत राहतात. त्यापेक्षा मेतकूट, शेंगदाण्याची चटणी, कोरडी थालीपिठं, दशम्या जास्त उपयोगाच्या. मेतकूट तिथल्या मऊ भाताबरोबर इतकं छान लागतं की यजमानीणबाईही मागून घेतात. चिवड्याची हवाबंद पाकिटं फुग्यासारखी फुगतात, बॅगेत कपड्यांमध्ये ठेवा. पहिल्या रात्री सगळ्यांनी अर्धपोटीच जेवा, या उंचीवर पचन मंदावतं.

उन्हाला हलक्यात घेऊ नका. सरोवर विषुववृत्तापासून १६ अंश दक्षिणेला आहे, पुणे १८ अंश उत्तरेला. म्हणजे ऊन आपल्यासारखंच उष्ण कटिबंधातलं, पण मध्ये हवा विरळ आणि खालून पाण्याचं परावर्तन. थंडी वाजते म्हणून कळत नाही, आणि संध्याकाळी नाकाची सालं निघतात.

बोलिव्हियाची बाजू मात्र या खेपेला तीन दिवसांत कोंबू नका. काठावरचं कोपाकाबाना गाव आणि इस्ला देल सोल हे बेट फार सुंदर आहेत. कोपाकाबानाच्या चर्चमधली मेरीची मूर्ती फ्रान्सिस्को तितो युपांकी या स्थानिक कारागिरानं १५८३ च्या सुमारास घडवली, आणि ब्राझीलमधल्या प्रसिद्ध किनाऱ्याचं नाव याच गावावरून पडलं. पण बेटावर युमानीच्या धक्क्यापासूनच सुमारे दोनशे इंका पायऱ्या चढाव्या लागतात. उत्तर भाग २०१७ मध्ये तिथल्याच गावांच्या वादातून पर्यटकांना बंद झाला होता, त्यामुळे बेटाच्या लांबीभर चालायचा बेत असेल तर त्या आठवड्याची स्थिती विचारूनच निघावं लागतं. शिवाय बोलिव्हियाचा व्हिसा वेगळा, कासानीची सीमा पायी ओलांडायची, आणि तिथलं घड्याळ पेरूच्या एक तास पुढे. दोन रात्री जास्त देता आल्या तरच जा.

कागदपत्रांत सगळ्यांत जास्त विसरली जाते ती पीतज्वराची लस. पेरू आणि बोलिव्हिया दोन्ही भारताच्या पीतज्वर यादीत आहेत. परतताना प्रमाणपत्र नसेल तर मुंबई विमानतळावर सहा दिवसांपर्यंत विलगीकरणात ठेवू शकतात. लस प्रवासाच्या किमान १० दिवस आधी, सरकारमान्य केंद्रातच घ्यावी लागते आणि तिथे वेळ लवकर मिळत नाही, म्हणून मार्चमध्येच लागा. साठीपुढे या लशीचा धोका थोडा वाढतो, तेव्हा आई-बाबांसाठी आधी डॉक्टरांचं मत घ्या. पेरूच्या व्हिसाचं २०१७ पासून सोपं झालंय: अमेरिका, कॅनडा, ब्रिटन, ऑस्ट्रेलिया किंवा शेंगेनचा किमान सहा महिने वैध व्हिसा असेल तर भारतीयांना पेरूचा वेगळा काढावा लागत नाही. तरी निघण्याआधी दूतावासाकडून खात्री करा.

परतीच्या आंतरराष्ट्रीय विमानाआधी लिमात एक दिवस राखून ठेवा. या पठारावर आंदोलनं झाली की रस्ते बंद होतात. २०२३ च्या सुरुवातीला पुनो भाग कित्येक आठवडे अडकला होता. आणि कोकाच्या पानांचा चहा तिथे खुशाल प्या, डोकेदुखीला अनेकांना बरं वाटतं. पण त्याची एक पुडीसुद्धा बॅगेत आणू नका. कोकाचं पान भारतात अमली पदार्थांच्या कायद्याखाली येतं, आणि परतीचं विमान अमेरिकेतून असेल तर तिथेही.